पहिल्या पानावरचा खुनी

काशीत मी नऊ वर्षं होतो आणि त्या नऊ वर्षांत एकही खुनी मला स्वतःहून सापडला नाही. पुस्तकांतले खुनी म्हणतोय. कादंबरी उघडावी, तर आतल्या पहिल्याच कोऱ्या पानावर ठसठशीत, वळणदार अक्षरात लिहिलेलं असायचं, 'प्रतिज्ञा : खून धाकट्या जावेने केला आहे.' मग पुढची दोनशे पानं त्या धाकट्या जावेला चहा करताना, पोरींच्या वेण्या घालताना आणि तुळशीला पाणी घालताना बघत बसायचं, हा माझा त्या काळातला वाचनानंद होता.

हे लिहिणारे गृहस्थ न्यायशास्त्राचे पंडित होते. त्यांच्या घराण्यात पाच पिढ्या काशीतच जन्मल्या आणि काशीतच गेल्या. महाराष्ट्र त्यांनी एकदाच पाहिला होता, तोही एका वादसभेसाठी, आणि तिथले लोक फार भरभर बोलतात एवढंच त्यांचं त्याबद्दल मत होतं. घरात मराठी, गल्लीत हिंदी आणि विद्यार्थ्यांशी संस्कृत, असा त्यांचा कारभार. सगळे त्यांना शास्त्रीबुवा म्हणत. सकाळी घरच्या ओसरीवर चार-पाच विद्यार्थ्यांना ते तर्क शिकवत, आणि दुपारी जेवण झाल्यावर हात-पाय धुऊन, पोथीच्या चौरंगावर रहस्यकथा ठेवून वाचायला बसत. मुखपृष्ठावर कवटी, सुरा आणि किंचाळणारी बाई असली, तरी पुस्तक केशरी रुमालात बांधलेलं असे. वाचून झाल्यावर ते रुमालाची गाठ मारीत आणि पुस्तकाला नमस्कार करीत. नमस्कार पुस्तकाला असे, लेखकाला नव्हे, असा खुलासाही ते न विचारता करीत.

मी सोलापूरहून बँकेच्या बदलीवर आलो तेव्हा सत्तरचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. भोसले घाटामागच्या गल्लीत महाराष्ट्र मंडळींची एक खोली होती, खाली गणपतीचा हॉल आणि वर वाचनालय. वाचनालय म्हणजे दोन कपाटं. एका कपाटात देणगीदारांनी दिलेले ग्रंथ होते, त्याची किल्ली हरवली होती आणि कुणाला तिची आठवण येत नव्हती. दुसऱ्या कपाटात रहस्यकथा आणि भयकथा होत्या, आणि सगळं वाचनालय त्या कपाटावर चालत होतं. रेल्वेतले, बँकेतले, विद्यापीठातले आणि घाटावरचे उपाध्ये, सगळ्यांना परमुलखात मराठी वाचायची भूक होती. फक्त त्या मराठीत तिसऱ्या पानापर्यंत निदान एक प्रेत तरी पडलेलं असावं एवढीच त्यांची अट होती. नव्या माणसाला नाही म्हणता येत नाही म्हणून पहिल्याच महिन्यात मला वाचनालयाचा सेक्रेटरी केलं गेलं.

या वाचनालयात एक जुनी रीत होती. प्रत्येक पुस्तकाच्या शेवटी रेघा मारलेला एक कागद डकवलेला असे, वर 'वाचकांचे अभिप्राय' असा मथळा. अभिप्राय लिहिल्याशिवाय पुस्तक परत घेतलं जात नसे. लोक बिचारे 'छान', 'बरे', 'मध्ये कंटाळा' असं काहीतरी लिहून सुटका करून घेत. रेल्वेतले एक गार्ड दर पुस्तकाला 'एक वेळ वाचावे' असं लिहीत, आणि एका पुस्तकावर त्यांनीच दोनदा तसं लिहिलेलं मी पाहिलं आहे. शास्त्रीबुवांना मात्र एक कागद पुरत नसे. एका भयकथेवर त्यांनी लिहिलं होतं, 'भुताचे पाय उलटे असल्याचे लेखक म्हणतो. पुढे ते जिना उतरते. उलट्या पायांनी उतरताना त्याचे तोंड कोणत्या दिशेस होते याचा खुलासा नाही.' दुसऱ्या एका कादंबरीतल्या चाणाक्ष डिटेक्टिव्हाबद्दल त्यांचं मत होतं, 'यास धूर दिसला म्हणून याने अग्नी आहे असे ठरविले. परंतु तो धूर नसून धुके होते हे याच्या लक्षात आले नाही. अग्नी सापडला तो योगायोगाने. अशास माझ्या पाठशाळेत प्रवेश मिळणार नाही.'

अभिप्रायांवर कुणाचा आक्षेप नव्हता. भांडण होतं ते पहिल्या पानाबद्दल. आणखी एक रीत अशी की, पुण्याहून वर्षातून दोनदा पुस्तकांचं पार्सल आलं की ते सभासद क्रमांक एकसमोर उघडायचं आणि नव्या पुस्तकांवर पहिला हक्क त्यांचा. सभासद क्रमांक एक म्हणजे अर्थातच शास्त्रीबुवा. आठ-दहा दिवसांत सगळी पुस्तकं त्यांच्या हाताखालून जात आणि प्रत्येकाच्या कपाळावर खुन्याचं नाव लिहून परत येत. बरं, लिहून ते थांबत नसत. सकाळी घाटावर कुणी ओळखीचा पाण्यात उतरलेला दिसला की ते वरच्या पायरीवरून मोठ्यानं विचारत, "ते हवेलीवालं घेतलं का? त्यात मुनीम आहे बरं." पोस्टातले एक गृहस्थ शास्त्रीबुवा पायऱ्या उतरताना दिसले की दोन्ही कानांत बोटं घालून बुडी मारत आणि श्वास संपेपर्यंत वर येत नसत. त्या हिशेबानं त्यांच्याइतकं गंगास्नानाचं पुण्य आमच्यापैकी कुणालाच मिळालं नसेल.

शेवटी सतरा सह्यांचं एक पत्र आलं आणि शास्त्रीबुवांना समज देण्याचं काम माझ्या गळ्यात पडलं. मी त्यांच्या ओसरीवर गेलो तेव्हा विद्यार्थी नुकतेच उठले होते. मी चार शब्द घोळून घोळून मुद्द्यावर आलो, की वाचकांचा रसभंग होतो, उत्सुकता राहत नाही, वगैरे. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, आमच्या शास्त्रात काही सिद्ध करायचं तर आधी प्रतिज्ञा सांगावी लागते. डोंगरावर अग्नी आहे, ही प्रतिज्ञा. मग कारण, की धूर दिसतो. मग उदाहरण, जसं स्वयंपाकघर. ज्याला प्रतिज्ञाच माहीत नाही तो ऐकणारा कारण कशाचं ऐकतोय?

"आणि तुमचा लेखक काय करतो, तर दोनशे पानं नुसता धूरच दाखवतो," ते म्हणाले. "अग्नी कुठे लागलाय ते शेवटच्या पानावर. मतलब सगळंच उलटं. मी त्याचं काही बदलत नाही, सेक्रेटरी. मी फक्त क्रम दुरुस्त करून देतो."

ते हे इतक्या सद्भावनेनं म्हणाले की मला पुढे बोलवेना. त्यांच्या लेखी ते आमच्यावर उपकार करत होते, आणि आम्ही सतरा जण सही करून ते नको म्हणत होतो. परत येऊन मी कमिटीला सांगितलं की शास्त्रीबुवा विचार करणार आहेत. पुढे कुणीतरी तोड सुचवली की त्या पहिल्या पानावर कागद चिकटवावा. मी रविवारभर बसून कागद चिकटवले. महिनाभरात बहुतेक सगळे कागद सोललेले होते, आणि ज्यांनी सोलले त्यांतल्या निम्म्यांच्या सह्या त्या पत्रावर होत्या.

कागद न सोलणाऱ्या एकट्या काकू. त्यांचं नाव रजिस्टरात होतं, पण सगळे त्यांना इंदूरच्या काकू म्हणत. नवरा गेल्यावर त्या काशीवासाला आल्या होत्या, म्हणजे इथेच मरायचं असं ठरवून. अहिल्याबाई घाटाजवळ एका धर्मशाळेत अशा बायकांसाठी खोल्या होत्या, तिथे त्या राहत. येऊन अकरा वर्षं झाली होती. "मरायला आले आणि वाचत बसले," असं त्या स्वतःच सांगत. वाचायच्या फक्त भुताच्या कादंबऱ्या. नुसत्या खुनाच्या त्यांना चालत नसत. माणसानं माणसाला मारलं त्यात नवल काय, असं त्यांचं म्हणणं. पुस्तक घ्यायला आल्या की दुसरीकडे तोंड करून उभ्या राहत आणि मला पहिल्या पानाला टाचणी लावायला सांगत. टाचणी लागल्याची खात्री झाल्यावरच पुस्तक पिशवीत जाई. शेवटचं पान आधी बघणं हे त्यांच्या मते चोरीइतकंच वाईट, आणि ते पाप आपल्या हातून कधी घडलेलं नाही हे त्या देवळातही सांगत असाव्यात.

त्यांचे अभिप्राय पेन्सिलीनं लिहिलेले असत आणि ते शास्त्रीबुवांच्या अभिप्रायाखालीच असत. भूत कोणत्या तोंडानं जिना उतरलं या प्रश्नाखाली त्यांनी लिहिलं होतं, 'भेटल्यावर विचारून घ्यावे.' एकदा शास्त्रीबुवांनी लिहिलं, 'पिशाचयोनी शास्त्रास मान्य आहे. परंतु त्या योनीतल्यांना कुलूप उघडता येते यास प्रमाण नाही.' त्याखाली पेन्सिल म्हणाली, 'प्रमाण मागायला भूत काय शाळेत आले आहे?' शास्त्रीबुवा या ओळी वाचण्यासाठी जुनी पुस्तकं पुन्हा मागून नेत, हे फक्त मला माहीत होतं. काकूंना ते 'पेन्सिलवाल्या बाई' म्हणत. दोघं रोज त्याच गंगेत दोन घाटांच्या अंतरावर स्नान करत आणि एकमेकांना त्यांनी कधी पाहिलं नव्हतं.

मग एका थंडीत काकू जिना चढून आल्या आणि बराच वेळ नुसत्या धापा टाकत बसल्या. डॉक्टरांनी त्यांना हृदयाचं काहीतरी सांगितलं होतं. डोळ्यांनीही दगा द्यायला सुरुवात केली होती. मी पाणी दिलं. त्या म्हणाल्या की टाचणीचाही आता उपयोग नाही, कारण शास्त्रीबुवांनी हल्ली प्रकरणांच्या शेवटीही लिहायला सुरुवात केली आहे. ते खरंच होतं.

"मला आता एकच पुस्तक वाचून होईल," त्या म्हणाल्या. "ते तरी कोरं द्या हो. मला माझं माझं घाबरू द्या."

त्याच आठवड्यात पार्सल आलं. त्यात एक चारशे पानांची जाडजूड कादंबरी होती. डोंगरावरचा एकाकी बंगला, बंद खोली, दर अमावास्येला त्या खोलीतून बांगड्यांचा आवाज आणि सकाळी एक मृत्यू. काकूंसाठीच लिहिली असावी अशी. मी रीत मोडली. पार्सल एकट्यानं उघडलं, आणि पुस्तक त्यांच्या लायकीचं आहे का ते बघावं या नावाखाली बँकेच्या जेवणाच्या सुट्टीत पाच दिवसांत वाचून काढलं. कोरं पहिलं पान उलटताना मला चोरट्यासारखं वाटलं आणि फार आनंद झाला. माझा संशय बंगल्यातल्या डॉक्टरवर होता. शेवटच्या प्रकरणात सगळी मंडळी त्या उघड्या, रिकाम्या खोलीसमोर उभी असताना आत बांगड्या वाजतात आणि डॉक्टरच सगळ्यांदेखत मरून पडतो. खुनी कुणीच नव्हता. भूत होतं, अगदी खरंखुरं.

पुस्तक तसंच परस्पर काकूंना द्यायचं धैर्य मला झालं नाही. मी ते घेऊन शास्त्रीबुवांकडे गेलो आणि सगळं सांगितलं, फक्त मी वाचल्याचं सोडून. एवढ्या एका पुस्तकावर हक्क सोडा, म्हणालो. ते बिलकुल तयार होईनात. हक्क कसा सोडायचा, आणि चुकीचा क्रम डोळ्यांदेखत कसा जाऊ द्यायचा? पेन्सिलवाल्या बाई आजारी आहेत हे ऐकून मात्र ते जरा थांबले. मग पुस्तक रुमालात बांधून आत घेऊन गेले. मी हात हलवत परत आलो.

चौथ्या दिवशी त्यांनी ते स्वतः आणून दिलं. मी पहिलं पान उघडलं. कोरं. प्रकरणांचे शेवट पाहिले, कोरे. अभिप्रायाचा कागदही कोरा. मी काही बोलणार तोच त्यांनी विचारलं की बाईंना आता दिसतं का. नाही म्हटल्यावर म्हणाले, "मग वाचून कोण दाखवणार? तुम्ही तर बँकेत. मी वाचतो."

असा तो वाचनाचा कार्यक्रम सुरू झाला. रोज दुपारी, धर्मशाळेच्या गच्चीलगतच्या व्हरांड्यात, काकू खाटेवर आणि शास्त्रीबुवा खाली आसनावर, पुढ्यात चौरंग. सुट्टीच्या दिवशी मी जाई, आणि काशीत बँकेला सुट्ट्या पुष्कळ असत. शास्त्रीबुवा भयकथा वाचत ती भाष्य वाचावं तशी. बाई किंचाळली हे वाक्य आणि बाईंनी भाजी चिरली हे वाक्य त्यांच्या तोंडून एकाच सुरात येई. पण काकूंना त्यानंही भीती वाटे. "तुम्ही घाबरत नाही ना, त्यानं जास्त भीती वाटते," असं त्यांनी एकदा सांगितलं. महत्त्वाचा धागादोरा आला की शास्त्रीबुवा थांबत, ओठ घट्ट मिटत आणि गंगेकडे बघत. काकू लगेच बोट उगारून दटावत की सांगायचं नाही. त्यांना हा खेळ इतका आवडू लागला की त्यांचा रंग जरा सुधारल्यासारखा दिसायला लागला. मला त्या पंडिताची कीव येई. जन्मभर जे आधी सांगितलं ते महिनाभर तोंडात धरून बसणं ही काही साधी तपश्चर्या नव्हे, असं मी मनाशी म्हणत असे.

काकूंचं मत पहिल्या दिवसापासून ठरलेलं होतं, की भूतच आहे. शास्त्रीबुवा म्हणत, भूत नव्हे. बांगडी वाजते, म्हणजे हात आहे. हात आहे, म्हणजे शरीर आहे. शरीर आहे ते भूत कसलं? काकू म्हणत, तुमच्या हाताला काय करायचंय, त्या खोलीत मेलेल्या बाईचा जीव अडकलाय त्या बांगड्यांत. हे रोज चाले, आणि मी मध्ये बसून दोघांना चहा देत असे. मला वाटे, हे सगळं माहीत असून मुद्दाम उलट बाजू घेताहेत, बाईंना खेळवताहेत. केवढा मोठा माणूस.

पुस्तक संपायला चार प्रकरणं उरली असताना काकूंची तब्येत एकाएकी उतरली. त्या दिवशी सुट्टी होती म्हणून मीही गेलो होतो. काकूंचा आवाज खाटेच्या बाहेर येत नव्हता. शास्त्रीबुवांनी रुमाल सोडला, तर काकूंनी हातानं नको म्हटलं.

"आता वाचायला वेळ नाही," त्या म्हणाल्या. "सांगूनच टाका, शास्त्रीबुवा. इतके दिवस तोंड बंद ठेवलंत, उपकार झाले. आता सांगा."

शास्त्रीबुवांनी चौरंगाकडे पाहिलं. मग म्हणाले, "मला माहीत नाही, बाई. मी पुढे वाचलेलं नाही. माहीत असतं तर सांगितल्यावाचून राहवलं नसतं. म्हणून वाचलंच नाही."

काकूंना आधी हसू आलं आणि मग त्या चिडल्या. म्हणजे ओठ मिटत होतात ते नाटक, असं त्यांनी विचारलं. नाटक नव्हे, ते म्हणाले, मी तर्क करत होतो. शास्त्रीबुवांचा हात शेवटच्या पानांकडे गेला. काकूंनी आपला हात त्यावर ठेवला. चोरून बघायचं नाही, म्हणाल्या. तर्क केलात ना, मग तोच सांगा. आणि नाव आधी घ्यायचं नाही, शेवटी घ्यायचं.

त्या दुपारी मी न्यायशास्त्र ऐकलं. शास्त्रीबुवांनी साडेतीनशे पानांतला एकेक पुरावा उचलला, झटकला आणि ओळीनं मांडला. किल्ली कुणाकडे होती, अमावास्येला कोण कुठे होतं, बांगड्यांचा आवाज बंद खोलीतून येतो की शेजारच्या कपाटामागून, औषधाच्या बाटलीचं बूच कुणी काढलं. पुस्तकाच्या लेखकानंही इतका विचार केला नसेल. काकू डोळे मिटून ऐकत होत्या, आणि मधूनच एखादा प्रश्न विचारत होत्या, आणि त्याला उत्तर मिळत होतं. तासाभरानं, शेवटी, शास्त्रीबुवांनी नाव घेतलं. डॉक्टर. मेलेल्या बायकोच्या बांगड्या त्याच्याच खिशात होत्या आणि त्या त्यानंच हातात घेऊन वाजवल्या.

काकूंनी डोळे उघडले. "पटलं," त्या म्हणाल्या. "मी आपली भूत भूत करत बसले. माणूसच निघाला. बरं झालं, अडाणी मरायची वाचले."

असं म्हणून त्या शास्त्रीबुवांकडे बघून हसल्या. त्या हसण्यात समाधान होतं, पण थोडी निराशाही होती, निदान मला ती दिसली. मला तेव्हा एवढंच म्हणायचं होतं, की काकू, तुमचंच खरं आहे. एक वाक्य. पण ते म्हणायचं तर मी आधीच वाचल्याचं कबूल करावं लागलं असतं, आणि शास्त्रीबुवा समोर बसले होते, इतक्या सुंदर रीतीनं चुकलेले. मी गप्प बसलो. उद्या सांगू, असं स्वतःला सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्या शुद्धीत नव्हत्या आणि तिसऱ्या दिवशी सकाळी गेल्या. त्यांना नेताना शास्त्रीबुवा घाटापर्यंत चालत आले. आयुष्यात मी बरेच भित्रेपणाचे प्रकार केले आहेत, पण त्या दुपारचा मला अजून सहन होत नाही.

काकूंच्या खोलीतून वाचनालयाची पुस्तकं मीच आणली. तेरावा झाल्यावर शास्त्रीबुवा आले आणि उरलेली चार प्रकरणं वाचायला पुस्तक मागू लागले. मी म्हणालो, बांधणी सुटली होती, बाइंडिंगला दिलंय. पुढच्या रविवारी पुन्हा आले. मी म्हणालो, बाइंडर गावाला गेलाय. पुस्तक तेव्हा माझ्या टेबलाच्या खणात होतं. त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि ते जिना उतरले.

तिसऱ्या रविवारी आले तेव्हा त्यांनी पुस्तक मागितलं नाही. मी नव्या पुस्तकांना अभिप्रायाचे कागद डकवत होतो. ते समोरच्या स्टुलावर बसले आणि उपरणं मांडीवर घेऊन म्हणाले, "बाई बरोबर होत्या."

मी हातातला ब्रश खाली ठेवला.

"माझं खरं निघालं असतं तर तुम्ही धावत येऊन सांगितलं असतं," ते म्हणाले. "डॉक्टर सोडून दुसरा कुणी निघाला असता, तर पुस्तक आणून दिलं असतं आणि माझी थट्टा केली असती. तुम्ही लपवताय. मला वाईट वाटू नये म्हणून नाही, त्यांना वाईट वाटू नये अशा रीतीनं लपवताय, आणि त्या तर नाहीत. मतलब भूतच होतं."

मी मान हलवली. आयुष्यात इतका बिनचूक तर्क मी ऐकला नाही. त्यांनी पुढे काही विचारलं नाही, ना भूत कोणाचं, ना बांगड्या कशा वाजल्या.

"त्यांना ठाऊक होतं," ते म्हणाले. "शेवटच्या दिवशी मी त्यांना त्यातून बाहेर काढलं. आणि त्या मला पटलं म्हणाल्या." मग उठले, उपरणं खांद्यावर टाकलं. "दुसऱ्या कुठल्या गावी गेल्या असत्या तर एक वेळ वाट बघितली असती. काशीत गेल्या. इथून कुणी परत येत नाही. आता चुकलो म्हणायचं तर कुणाजवळ म्हणायचं, सेक्रेटरी?"

माझ्याजवळ म्हणा, मीही चुकलोय, असं मला म्हणता आलं असतं. त्याही दिवशी मी गप्पच बसलो.